कॅमेरा पिशवीत ठेवून महिनाभर नुसता बसणारा माणूस करतो तरी काय?

यात्रेचे दिवस आले की सौंदत्तीच्या यल्लम्माच्या डोंगरावर आता बैलगाड्यांपेक्षा कॅमेरे जास्त असतात असं कोण म्हणालं तर मी भांडणार नाही. वर ड्रोन घोंगावतोय, खाली जोगतिणीच्या डोक्यावरचा जग म्हणजे देवीची परडी, चौंडक्याचा आवाज, भंडाऱ्यानं पिवळी झालेली माणसं, नी त्या सगळ्याचं तीस सेकंदांचं रील, त्यावर वरनं कुठल्यातरी पिक्चरचं म्युझिक. ह्याची आपल्याला सवय झालीय. पण मधूनच एखादा वेगळाच नग येतो. भाड्यानं खोली घेतो, कॅमेरा असतो पण पिशवीतनं बाहेर काढत नाही, चहाच्या गाड्यावर तासन् तास बसतो, कुणाकडं बारसं असलं की जाऊन जेवून येतो, म्हाताऱ्या बायकांना विचारतो की घरातली शेती कुणाच्या नावावर आहे, जोगवा मागायला कुठल्या गल्लीत जाता नी कुठल्या गल्लीत जात नाही. मग लोकांत चर्चा सुरू. टीव्हीवाला असेल, नाही हो सर्व्हेवाला, नाही इन्कम टॅक्सचा. कुणी विचारलंच तर सांगतो, "मी डॉक्युमेंटरी करतो, मानववंशशास्त्राच्या अंगानं." झालं, समोरचा अजूनच गोंधळतो.

आपल्या भागात हे कायम चालू असतं. यल्लम्मा आहे, निपाणीचा तंबाखू आहे, सीमाप्रश्न आहे, म्हणजे बाहेरच्या कॅमेऱ्याला हवं ते सगळं एकाच बेळगाव जिल्ह्यात. त्यामुळं हा प्रकार काय आहे, कुठनं आला, त्यात आपल्याला काय हक्क आहे हे आपल्याला कळलेलं बरं.

आधी ते मानववंशशास्त्र म्हणजे काय ते बघू

माणसं एकमेकांशी कशी जोडलेली असतात, कोण कुणाकडं जेवतं, कोण कुणाला मुलगी देतं, मेल्यावर काय करतात, देवाला काय बोलतात, भांडण कसं मिटवतात, ह्याचा अभ्यास म्हणजे मानववंशशास्त्र, कोण नुसतं मानवशास्त्र म्हणतं. हा अभ्यास ऑफिसात बसून फॉर्म भरून घेऊन होत नाही. माणसांत जाऊन राहायचं, त्यांची भाषा शिकायची, त्यांच्या कामात हात घालायचा, नी हे करताना डोळे उघडे ठेवायचे. ह्याला सहभागी निरीक्षण म्हणतात. मालिनोव्हस्की नावाचा पोलंडचा माणूस पहिल्या महायुद्धाच्या काळात, १९१५ ते १९१८ च्या दरम्यान, न्यू गिनीजवळच्या ट्रोब्रियांड बेटांवर जाऊन राहिला, नी तेव्हापासनं ही पद्धत पक्की झाली असं धरतात.

पण त्यासाठी न्यू गिनीला जायची गरज नाही, आपल्याकडं इरावती कर्वे होत्या की. पुण्याच्या डेक्कन कॉलेजात शिकवायच्या, जर्मनीत पीएचडी केलेली, नी ही बाई दिंडीबरोबर पंढरपूरला चालत गेली. चालताना त्यांनी अभंग ऐकले तसंच हेही बघितलं की एकाच दिंडीत ब्राह्मण बायका नी मराठा बायका वेगवेगळा स्वयंपाक करतात, वेगळ्या पंगतीला बसतात. दोन्हींकडं त्यांचं जाणंयेणं होतं. म्हणून भक्ती नी भेद दोन्ही दिसले. ह्या वारीवर लिहिलेल्या लेखात त्या महाराष्ट्राची व्याख्या करतात की ज्या प्रदेशातली माणसं पंढरपूरला जातात तो महाराष्ट्र. हे वाचून मला आपली गंमत वाटते, कारण ह्या हिशोबानं आपल्या बाजूची कितीतरी कन्नड घरंसुद्धा महाराष्ट्रात गेली, नी विठोबाला कानडा तर संतांनीच म्हणून ठेवलंय. असो, विषय तो नाही.

मग ह्यात कॅमेरा कुठनं आला?

फार लवकर आला. सिनेमाचा शोध लागून तीन-चार वर्षं होतायत तोवर १८९८ ला हॅडन नावाच्या इंग्रज अभ्यासकानं ऑस्ट्रेलियाच्या वरच्या अंगाला टॉरेस सामुद्रधुनीतल्या बेटांवर कॅमेरा नेला नी तिथल्या लोकांचे नाच शूट केले. पण जगभर गाजली ती १९२२ ची फिल्म, कॅनडाच्या बर्फात राहणाऱ्या इन्युइट लोकांवरची, रॉबर्ट फ्लॅहर्टीची 'नानूक ऑफ द नॉर्थ'. बर्फाचं घर बांधतायत, वॉलरसची शिकार करतायत, लोकांनी डोक्यावर घेतली.

आता त्यातली मेख. हिरोचं खरं नाव नानूक नव्हतंच, अल्लाकारिआल्लाक होतं. फिल्ममध्ये जी बायको दाखवली ती त्याची बायको नव्हती. ते लोक तेव्हा बंदुका वापरत होते, पण फिल्ममध्ये शिकार जुन्या पद्धतीनं भाल्यानं केलेली दाखवली. नी बर्फाच्या घराच्या आत कॅमेरा मावेना, उजेड पुरेना, म्हणून अर्धंच घर बांधलं, एक बाजू सताड उघडी, नी त्या थंडीत बिचारे झोपल्यासारखं करतायत.

आपल्याकडच्या लग्नाचा व्हिडिओवाला आठवा. अक्षता पडल्या, हार घातले, सगळं उरकलं, नी हा म्हणतो, "वहिनी, हार परत एकदा घाला, फोकस नव्हता." मग परत हार घालतात, आत्या परत हसते. ते लग्न खोटं का? लग्न खरंच लागलंय. पण व्हिडिओत दिसतं ते हसू दुसऱ्यांदाचं आहे. पुढं तीस वर्षांनी नातवंडं बघतील तेव्हा त्यांना हे कोण सांगणार? नानूकचं असंच झालं, जग म्हणालं इन्युइट असेच राहतात, नी जगाला कुणी सांगितलं नाही की हे त्यांच्या आज्याच्या काळचं करून दाखवलंय.

फ्लॅहर्टीच्या बाजूनं एक गोष्ट मात्र सांगायलाच पाहिजे. शूट केलेली रीळं तो तिथंच डेव्हलप करायचा नी त्याच लोकांना दाखवायचा. पुढचं शूटिंग काय करायचं हे मग त्यांच्याशी बोलून ठरायचं. ही छोटीशी सवय पुढं एका फ्रेंच माणसानं उचलली नी तिचं पार वेगळंच काहीतरी केलं.

तिपाई नदीत गेली ते बरंच झालं

त्याचं नाव झां रूश. जन्म १९१७, शिक्षण सिव्हिल इंजिनिअरिंग. दुसरं महायुद्ध चालू असताना फ्रान्सच्या ताब्यातल्या नायजर देशात रस्ते बांधायच्या कामावर गेला. तिथं साइटवर वीज पडून काही मजूर मेले. आता इंजिनिअरनं काय करायचं? त्याच्याकडं कामाला असलेला दामुरे झिका नावाचा तरुण म्हणाला, हे माझ्या आजीचं काम आहे. आजी पुजारीण होती. तिनं येऊन विधी केला, अंगात आलं, विजेच्या देवाशी बोलणं झालं. रूश बघत राहिला नी त्याची इंजिनिअरिंगची वाट तिथंच सुटत गेली. आपल्या भागातल्या माणसाला ह्यात नवल काही नाही. धरणाच्या कामावर, बोअर मारताना, नारळ कुणी फोडायचा ह्यावरनं आपल्याकडं साहेब लोक खोळंबून बसलेले आपण बघितलेत.

युद्धानंतर तो दोन मित्रांबरोबर नायजर नदीतनं होडीनं निघाला, १९४६-४७ साली. बरोबर पॅरिसच्या जुन्या बाजारात घेतलेला सेकंडहँड १६ एमएमचा कॅमेरा. नदीला एके ठिकाणी जोराची ओढ लागली नी कॅमेऱ्याची तिपाई पाण्यात गेली. मग काय करणार, कॅमेरा हातात धरून शूट करायला लागला. तेव्हाच्या व्यावसायिक लोकांच्या दृष्टीनं हे अगदीच अडाण्याचं काम. पण हातात कॅमेरा आल्यावर तो माणसांच्या मागनं चालू शकला, गर्दीत शिरू शकला, वाकू शकला. कॅमेऱ्याला चावी द्यायला लागायची नी एका चावीत पंचवीसेक सेकंदच चालायचा, म्हणजे परत चावी देताना पुढं काय बघायचं हा विचार करायला वेळ आपोआप मिळायचा. आज आपण मोबाईलवर तासभर रेकॉर्डिंग लावून ठेवतो नी नंतर बघतसुद्धा नाही.

पाणघोडा ऐकतोय

आता जी गोष्ट सांगतो ती ह्या सगळ्या विषयाचा गाभा आहे, म्हणून जरा सविस्तर.

नायजर नदीकाठी सोर्को नावाचे कोळी लोक आहेत. ते पाणघोड्याची शिकार करायचे, होडीतनं, भाल्यांनी, म्हणजे जिवावरचं काम. रूशनं १९५१ ला त्यांच्याबरोबर राहून ती शिकार शूट केली. पॅरिसला जाऊन फिल्म जोडली, नी शिकारीच्या ऐन थराराच्या ठिकाणी त्यांच्याच शिकाऱ्यांची धून लावली, शिकाऱ्यांना हिंमत द्यायला वाजवतात ती. तो खुश. म्हणजे बघा, त्यांचीच शिकार, त्यांचंच संगीत, अजून काय पाहिजे?

काही वर्षांनी, १९५४ ला, तो प्रोजेक्टर घेऊन परत त्याच गावात आला. आयोरू नाव गावाचं. मातीच्या भिंतीवर चादर टांगली, अंधार पडल्यावर फिल्म लावली. लोकांना आधी हे काय आहे तेच कळेना, मग एकेकजण ओळखू यायला लागला. मधल्या काळात वारलेली माणसं पडद्यावर चालताना दिसली तशी बायका-माणसं रडायला लागली. परत लाव म्हणाले. परत लावली. असं करत रात्रीत चार-पाच वेळा झालं, नी मग लोक जे बोलायला लागले ते एकदम वेगळं. रडणं संपलं नी चुका काढणं सुरू झालं. इथं पाणघोडा नीट दिसत नाही. नी हे संगीत काय लावलंयस? शिकारीत बोलायचंसुद्धा नसतं, पाणघोड्याचे कान तिखट असतात, एवढा आवाज केला तर तो पळून जाईल!

रूश सांगायचा की आपण किती शहाणे होतो ते त्या रात्री कळलं. त्यानं संगीत काढून टाकलं. नुसती नदी, वल्ह्यांचा आवाज नी माणसांचे श्वास ठेवले. नी तिथंच बघायला जमलेल्यांतला एकजण उठून म्हणाला, आमच्या भागात ये, आम्ही सिंहाची शिकार करतो, त्याची फिल्म काढ. म्हणजे पुढच्या फिल्मची ऑर्डर प्रेक्षकांतनंच आली, नी त्यानं ती पुढं काढलीसुद्धा.

ह्या पद्धतीला त्यानं 'शेअर्ड अँथ्रोपॉलॉजी' म्हटलं. ज्यांच्यावर अभ्यास केला त्यांना तो परत नेऊन दाखवायचा, त्यांनी चुका काढायच्या, त्या दुरुस्त करायच्या, पुढचं काय करायचं ते दोघांनी मिळून ठरवायचं. त्याआधी मानवशास्त्रज्ञ पुस्तकं लिहायचे फ्रेंचमध्ये, इंग्लिशमध्ये, ज्यांच्यावर लिहिलं त्यांना ती वाचताच यायची नाहीत, मग चूक काढणार कोण? फिल्म मात्र चादरीवर लावली की अक्षर न येणारी आजीसुद्धा म्हणते, "हे चुकलंय."

दामुरे, त्याचा मित्र लाम, हे लोक पुढं आयुष्यभर रूशच्या फिल्मांत राहिले, कधी नट, कधी साउंड रेकॉर्डिस्ट.

"कॅमेरा समोर असला की माणूस खरा वागतच नाही, मग ह्यात खरं काय?"

हा प्रश्न सगळ्यात जास्त येतो नी प्रश्न बरोबर आहे. ह्यावर दोन घराणी आहेत म्हणा. एक म्हणतं, कॅमेरा इतके दिवस ठेवायचा की लोक त्याला विसरतील, नी मग कोपऱ्यात गप्प बसून बघायचं. रूशचं म्हणणं उलटं. कॅमेऱ्यामुळं माणूस वेगळा वागतो ना, वागू दे, जे नेहमी बोलत नाही ते तो कॅमेऱ्यासमोर बोलेल, तेही त्याचंच खरं आहे.

१९६० च्या उन्हाळ्यात त्यानं नी एडगर मोरँ नावाच्या समाजशास्त्रज्ञानं पॅरिसमध्येच हा प्रयोग केला. आफ्रिकेतल्या लोकांना प्रश्न विचारता, आता आपल्या लोकांना विचारून बघा. रस्त्यावर मायक्रोफोन घेऊन पोरी उभ्या, नी येणाऱ्या-जाणाऱ्याला एकच प्रश्न, तुम्ही सुखी आहात का? लोक दचकतात, कोण हसतं, कोण पळून जातं. ह्यातच मार्सेलीन नावाची एक तरुणी आहे. पोरसवदा वयात वडिलांबरोबर तिला नाझी छळछावणीत नेलं होतं, ती परत आली, वडील नाही आले. अंगावर टेपरेकॉर्डर लावून ती पॅरिसच्या रिकाम्या चौकातनं एकटी चालते नी मनातल्या मनात बोलल्यासारखं वडिलांशी बोलते. कॅमेरा तिच्यापासनं लांब लांब जातो. तो नसता तर ती हे असं मोठ्यानं बोलली असती का?

नी शेवटी परत तीच चादरवाली सवय. ज्या लोकांना शूट केलं त्यांनाच थेटरात बसवून फिल्म दाखवली नी त्यांचं भांडण शूट करून फिल्ममध्ये जोडलं. एक म्हणतो हे किती खरं आहे, दुसरा म्हणतो हे तर उघडंनागडं झालं, लाज वाटायला पाहिजे, तिसरा म्हणतो ती नाटक करते. ह्या पद्धतीच्या सिनेमाला 'सिनेमा व्हेरिते' नाव पडलं, सत्याचा सिनेमा, नी लोकांनी त्याचा अर्थ काढला की ह्यात सगळं सत्यच असतं. तसं नाही. कॅमेरा आल्यावर काय घडलं ते न लपवता दाखवणं एवढाच दावा आहे. लग्नाचा व्हिडिओवाला जर "वहिनी, हार परत घाला" हे पण व्हिडिओत ठेवेल तर तो ह्या घराण्यातला.

"अंगात आलेलं असं जगाला दाखवावं का?"

इथं मात्र रूशचंही हात पोळून घ्यायचं काम झालं. १९५५ ची त्याची एक फिल्म आहे, घानामध्ये, म्हणजे तेव्हाच्या गोल्ड कोस्टमध्ये, मजुरीला आलेल्या नायजरच्या लोकांवर. त्यांच्यातल्या हाउका पंथाच्या लोकांच्या अंगात यायचं, पण देव यायचे नाहीत, इंग्रज-फ्रेंच साहेब यायचे! गव्हर्नर यायचा, जनरल यायचा, रेल्वेच्या इंजिनचा ड्रायव्हर यायचा. तोंडाला फेस, हातात लाकडी बंदुका, कवायत, कुत्र्याचा बळी. दुसऱ्या दिवशी हीच माणसं शांतपणे खड्डे खणतायत, हसतायत.

आपल्याला हे वाचून फार धक्का बसत नाही, अंगात येणं म्हणजे काय हे आपण लहानपणापासनं बघतो, नी कुठल्या घरच्या बाईच्या अंगात येतं, ती त्या वेळेला सासूला काय काय सुनावून घेते, हेही माहीत असतं. पण पॅरिसमध्ये ही फिल्म दाखवली तेव्हा आफ्रिकन विद्यार्थी भडकले, गोरे प्रोफेसरही भडकले, ही जाळून टाका म्हणाले. विद्यार्थ्यांचं म्हणणं, ह्यानं जग आम्हाला रानटी समजेल. इंग्रज सरकारनं तर बंदी घातली, त्यांना कळलं की टिंगल आपली चाललीय. पुढं सेनेगलचा मोठा दिग्दर्शक उस्मान सेंबेन रूशला तोंडावर म्हणाला की तुम्ही आमच्याकडं किडे बघितल्यासारखं बघता. माझं मत विचाराल तर फिल्म मोलाची आहे, नी सेंबेनही बरोबर आहे, दोन्ही एकाच वेळी.

आता हे सौंदत्तीला लावा. यल्लम्मावर बाहेरनं आलेल्या कॅमेऱ्यांनी बहुतेक वेळा एकच गोष्ट सांगितली, देवदासी, शोषण, वेश्याव्यवसाय. शोषण आहे, देवीला मुली सोडायला कर्नाटकात १९८२ च्या कायद्यानं बंदी आली नी ती असायलाच पाहिजे, ह्यात वाद नाही. पण देवीला सोडलेल्या बाईला घरात काय मान होता, भावांबरोबर तिला जमिनीत वाटा मिळाला का, देवीचा जग वाहायचा बंद झाल्यावर पोटाला काय, तिची पोरं कुणाचं नाव लावतात, हे विचारायला वेळ लागतो. लुसिंडा रॅमबर्ग नावाच्या अमेरिकन मानवशास्त्रज्ञ बाईनं उत्तर कर्नाटकात राहून हेच प्रश्न विचारले, २०१४ ला त्यांचं पुस्तक आलं, नी सगळ्यांना पटलं असं नाही, पण प्रश्न नवे होते.

नी उत्तर द्यायची सोय झाली की काय होतं तेही आपल्या शेजारी सांगलीत झालंय. २०१० मध्ये एका परदेशी ऑनलाइन चॅनलनं देवदासींवर फिल्म टाकली, त्यात सांगलीच्या बायका होत्या. तिथल्या वेश्या अन्याय मुक्ती परिषदेच्या, म्हणजे 'वॅम्प'च्या बायकांनी ती बघितली, नी गप्प न बसता स्वतः कॅमेऱ्यासमोर बसून उत्तराचा व्हिडिओ काढून यूट्यूबवर टाकला, की आमच्याबद्दल हे चुकीचं दाखवलंय. आयोरूत चादर टांगायला दिग्दर्शक स्वतः परत आला होता, सांगलीत कुणी आलं नाही तर बायकांनी आपणच चादर टांगली.

"पत्रकार पण हेच करतात की"

पत्रकाराला संध्याकाळपर्यंत बातमी द्यायची असते, त्याला दोष नाही. पण त्यामुळं प्रश्न आधीच ठरलेला असतो. १ नोव्हेंबर, म्हणजे कर्नाटकाचा राज्योत्सव, जवळ आला, कर्नाटक विधानसभेचं अधिवेशन बेळगावात भरलं, की माइक येतात नी विचारतात, तुम्ही मराठी की कन्नड? १९५६ ची राज्य पुनर्रचना, १९६७ चा महाजन अहवाल, २००४ पासनं सुप्रीम कोर्टातली केस, हे सगळं आपल्याला तोंडपाठ आहे, नी त्याचं दुःखही खरं आहे. मी त्यावर पाणी टाकत नाही.

पण मानवशास्त्र शिकलेला डॉक्युमेंटरीवाला इथं आला तर पहिला प्रश्न बहुतेक वेगळा विचारेल. लेक कुठं दिली? कारण सोयरीक बघितली की सीमा कुठं आहे नी कुठं नाही ते दिसतं. निपाणीची लेक कागलला, खानापूरची चंदगडला, चिकोडीची गडहिंग्लजला, नी त्याच गल्लीतल्या लिंगायत घरची लेक मिरजेला. मग विचारेल पोरांना रागवताना कुठली भाषा येते, बाजारात भाव करताना कुठली, देवीची गाणी कुठल्या भाषेत, नी स्वप्नात शिव्या कुठल्या येतात. आपल्या चावडीवर बसून हे ऐकायला महिना पुरणार नाही. म्हणून तो कॅमेरा पिशवीत ठेवून बसलेला असतो, त्याला अजून कळलेलं नसतं की कुठं लावायचा.

निपाणीत हे घडून गेलंय

हे सगळं लांबचं वाटत असेल तर घरचं उदाहरण घ्या. 'युगांतर' नावाचा बायकांचा फिल्म गट होता, बेंगळुरात १९८० ला सुरू झालेला, दीपा धनराज त्यातल्या एक. मानवशास्त्रज्ञ म्हणून नव्हे, चळवळीच्या अंगानं काम करायचे, पण पद्धत बघाल तर तीच. पुण्यात मोलकरणींच्या संघटनेवर त्यांनी फिल्म केली, नी मग निपाणीत आले, तंबाखूच्या वखारीत काम करणाऱ्या बायकांकडं.

वखार ज्यांनी आतनं बघितलीय त्यांना सांगायला नको. तंबाखू कुटायचा, चाळायचा, पाखडायचा, नी ती धूळ नाकात, डोळ्यात, भाकरीच्या फडक्यात. दारात उभं राहिलं तरी ठसका लागतो, नी आत बाई पदर नाकाला बांधून दिवसभर बसलेली. दार बंद, बाहेरच्याला आत मज्जाव. ह्या बायकांनी युनियन बांधली, नी फिल्मवाल्या बायका आधी नुसत्या त्यांच्यात राहिल्या, महिनोन् महिने, बैठकांना बसल्या, काय दाखवायचं नी काय नाही हे त्यांच्याबरोबर बोलून ठरवलं. युनियन कशी झाली, पहिल्यांदा कोण उभं राहून बोललं, हे तर आधीच घडून गेलेलं होतं, तिथं कॅमेरा नव्हता. मग बायकांनीच ते परत करून दाखवलं. १९८२ ला पंचवीसेक मिनिटांची फिल्म झाली, 'तंबाखू चाकीला ऊब आली'.

म्हणजे बर्फाच्या अर्ध्या घरासारखंच की हे, घडलेलं परत करून दाखवणं. फरक कुठं पडला? इथं काय परत करायचं नी कसं, हे करणाऱ्या बायकांनी ठरवलं, नी त्या स्वतःच्याच नावानं, स्वतःच्याच कालच्या भांडणाबद्दल बोलत होत्या, आज्याच्या काळचं सोंग नव्हतं ते. १९८१ च्या तंबाखू शेतकऱ्यांच्या आंदोलनामुळं नी गोळीबारामुळं निपाणीचं नाव देशभर झालं, पण वखारीतल्या बाईचा आवाज त्या बातम्यांत शोधून सापडत नाही. तो ह्या फिल्ममध्ये आहे.

"मग बाहेरचे कशाला, आपणच काढू की"

काढूच. हा आक्षेप मला सगळ्यात जास्त आवडतो, नी ह्याचंही उत्तर रूशच्याच गोतावळ्यात आहे. १९५८ च्या त्याच्या एका फिल्ममध्ये आयव्हरी कोस्टच्या आबिदजान बंदरावर हमाली करणारी नायजरची तरुण पोरं आहेत, सिनेमातल्या नटांची टोपणनावं लावून फिरणारी. शूटिंग मुकं झालं होतं, नंतर फिल्म दाखवून रूशनं उमारू गांदा नावाच्या पोराला म्हटलं, आता तूच बोल ह्यावर, नी त्यानं जे मनात येईल ते बोलून ठेवलं. गाजली फिल्म. पण गांदाला वाटलं, हे माझं पूर्ण नव्हे. मग त्यानं स्वतः कॅमेरा धरायला शिकलं नी १९६८-६९ ला स्वतःची गोष्ट स्वतः सांगितली, पुढं नायजरचा नावाजलेला दिग्दर्शक झाला. नी १९७० च्या आसपास रूशच्या एका फिल्ममध्ये दामुरे पॅरिसला जातो नी रस्त्यात फ्रेंच लोकांना थांबवून त्यांची डोकी मोजतो, दात तपासतो, साहेब लोक जसं आफ्रिकेत करायचे तसं. ते बघून हसून हसून पोट दुखतं, नी जरा वेळानं हसू थांबतं.

फक्त "आपण" म्हणजे कोण ते एकदा बघून घ्यायला लागेल. बेळगावातला इंजिनिअरिंगचा पोरगा आयफोन घेऊन सौंदत्तीला जोगतिणीच्या पालात शिरला तर तो तिच्यासाठी बाहेरचाच असतो, गाव एक असलं म्हणून गल्ली एक होत नाही. भाषा तीच, देवी तीच, पण तो कधी तिच्या घरी पाणी प्यायलाय का? त्यालाही कॅमेरा पिशवीत ठेवून बसायलाच लागेल, उलट त्याला जास्त, कारण त्याला वाटत असतं की आपल्याला सगळं माहीतच आहे. नी परवानगीचा कागद पुढं करून सही-अंगठा घेतला म्हणजे परवानगी झाली असं नसतं. फिल्म झाल्यावर तिला दाखवून "हे राहू दे का काढू?" विचारलं नी ती "काढ" म्हणाल्यावर काढलं, तर ती परवानगी.

सुरुवात करायची तर फार लांब जायला नको. युगांतरच्या फिल्मा आता बर्लिनच्या एका संस्थेनं दुरुस्त करून डिजिटल केल्यात, परदेशात फेस्टिव्हलांत लागतात. ती तंबाखूवाली फिल्म निपाणीत एखाद्या शाळेच्या मैदानावर रात्री लावावी, आधी लावली असेल तरी परत लावावी. त्यातल्या काही बायका असतील, नसतील तर लेकी-सुना असतील. ही अमक्याची आई, ती वखार ह्या कोपऱ्यावरची नव्हे पलीकडची, मजुरी तेव्हा एवढी नव्हती गं, असं सुरू होईल. कुणीतरी ते बोलणं रेकॉर्ड करायला मात्र पाहिजे, नी रेकॉर्ड करणारी त्यांच्यातलीच एखादी नात असली तर अजून बरं.